जेम्स कझिन्स सर, पुट्टप्पांच्या वतीनं नव्हे, माझ्याच वतीनं

प्रिय कझिन्स सर,

सविनय नमस्कार.

तुम्ही 1956 साली आंध्रातल्या मदनपल्लीत देह ठेवलात, त्यामुळे आपली भेट होणं शक्यच नव्हतं. पण तुमचे आभार मानायचे राहून गेलेत, ते आज मानते.

1924 साली म्हैसुरात एकोणीस वर्षांचा पुट्टप्पा आपल्या इंग्रजी कविता घेऊन तुमच्यापुढे उभा राहिला. अंगावर खादी. इंग्रजीतला छोटासा संग्रह आधीच छापून झालेला. कौतुकाच्या दोन शब्दांसाठीच आला असणार बिचारा! तुम्ही कविता चाळल्यात, त्याला आपादमस्तक न्याहाळलंत आणि म्हणालात की तुझं बाकी सगळं स्वदेशी आहे, एवढंच तेवढं नाही. कन्नडमध्ये का लिहीत नाहीस? तोच मुलगा पुढे कन्नडचा थोर कवी कुवेंपू झाला. ‘श्री रामायण दर्शनम्’ला 1967चा ज्ञानपीठ मिळाला, कन्नडमधला पहिला.

हे सांगणारे तुम्ही कोण होतात, याचं मला फार अप्रूप वाटतं. जन्म 1873चा, बेलफास्टचा. स्वतः इंग्रजीत कविता करायचात. डब्लिनच्या शाळेत वर्षानुवर्षं इंग्रजी शिकवलंत. कवी येट्सच्या काळातल्या आयरिश साहित्य-चळवळीत वावरलात. 1915 साली ॲनी बेझंटबाईंच्या बोलावण्यावरून मद्रासला त्यांच्या ‘न्यू इंडिया’ या वर्तमानपत्रात आलात आणि पुढच्याच वर्षी इंग्रज सत्तेविरुद्धच्या डब्लिनच्या उठावाची बाजू घेणारा लेख लिहून नोकरी गमावलीत. मग मदनपल्लीच्या कॉलेजात पुन्हा साहित्य शिकवायला लागलात. इंग्रजीच्या मास्तराकडे आयता चेला चालून आला होता, तो तुम्ही कन्नडला देऊन टाकलात. त्याला छाती लागते, सर.

मीही इंग्रजीच शिकवते, नगर जिल्ह्यातल्या एका कॉलेजात. मुलं कवितांच्या वह्या घेऊन येतात. गेल्या पावसाळ्यात एका मुलीच्या वहीत बर्फ होता, चर्चची घंटा होती, आणि तिच्या चपलांना शेतातला काळा चिखल तसाच लागलेला होता. पूर्वी मी स्पेलिंगं सुधारून, ‘छान’ लिहून वही परत दिली असती. त्या दिवशी तुमची आठवण झाली. विचारलं, “पहाटे घरी काय ऐकू येतं गं?” ती म्हणाली, “गोठ्यातल्या साखळ्या. आणि आईचं खोकणं.” म्हटलं, हेच लिहून आण, मराठीत. चार दिवसांनी तिनं सहा ओळी आणल्या. ‘खोकणं’ तिनं दोनदा खोडून पुन्हा लिहिलं होतं. ती कविता मी वर्गात वाचली. मागच्या बाकावरची पोरंसुद्धा गप्प ऐकत होती.

तिला ते विचारायचं बळ तुम्ही दिलंत. मनापासून आभार.

तुमच्या पत्नी मार्गारेटबाईंनाही माझा नमस्कार सांगा. 1927च्या जानेवारीत अखिल भारतीय महिला परिषद पहिल्यांदा भरली ती आमच्या पुण्यात, आणि तिच्यामागे त्यांचीच धडपड होती. त्यांना वेगळं पत्र लिहायचं आहे.

आपली,
इंग्रजी शिकवणारी एक मराठी बाई