निवडणूक वेळेवर हवी

निवडणूक सुधारणांच्या आंदोलनांवरील आपला अग्रलेख वाचला. मतदारयाद्यांतील घोळाविरुद्ध १ नोव्हेंबर २०२५ रोजी मुंबईत ‘सत्याचा मोर्चा’ निघाला, ते योग्यच झाले. मात्र निवडणूक वेळेवर घेण्याची मागणी अशा आंदोलनांत मागे पडते. मुदत संपण्यापूर्वी निवडणूक पूर्ण व्हावी, असे राज्यघटना सांगते. पुणे महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली आणि मतदान झाले १५ जानेवारी २०२६ रोजी! जवळपास चार वर्षे प्रशासकाचा कारभार. ड्रेनेज तुंबले तर जाब विचारायला नगरसेवकच नव्हता. ओबीसी आरक्षण, प्रभागरचना यांचे वाद न्यायालयात होते, हे मान्य. तरीही शेवटी मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयालाच निवडणुका घेण्याचा आदेश द्यावा लागला.

— एक मतदार, कोथरूड, पुणे