पुरावा मागणाऱ्या सरकारला खुले पत्र

मा. सांस्कृतिक कार्यमंत्री, महाराष्ट्र राज्य,
सादर नमस्कार.

माझ्या आत्याचा वृद्ध कलावंत मानधनाचा अर्ज गेल्या आठवड्यात परत आला. शेरा: 'कलावंत असल्याचा सबळ पुरावा नाही.' निवडणुकीआधी आमच्या तालुक्यात 'एकही म्हातारा कलावंत मानधनाविना राहणार नाही' असं माइकवर ठणकावून सांगितलं गेलं होतं. टाळ्या आम्हीच वाजवल्या.

आत्या चाळीसेक वर्षं फिरत्या नाटक कंपन्यांत होती. नायिका कधीच नाही. खाष्ट सासू, दाई, आंधळी म्हातारी. माळेगावच्या जत्रेत तिच्या सासूला बाया पदर तोंडाला लावून शिव्या द्यायच्या. आता कात्रणं आणा, फोटो आणा, संस्थेचं प्रमाणपत्र आणा. कंपनी मोडली, मालक वारले, ट्रंकेतले कागद वाळवीनं खाल्ले. वाळवीकडून दाखला आणू का?

साहेब, याच न्यायानं दुर्गाबाई कामतांचाही अर्ज बाद झाला असता. 'राजा हरिश्चंद्र'साठी फाळक्यांना बाई मिळेना, म्हणून तारामती केली खानावळीत काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांनी. 1917 च्या 'लंकादहन'मध्ये तर राम तेच आणि सीताही तेच! पण मधे 1913 साली 'मोहिनी भस्मासुर' झाला आणि त्यात दुर्गाबाई पार्वती झाल्या. हिंदी-मराठी काय, अख्ख्या भारताच्या पडद्यावरची पहिली बाई ती. मोहिनी झाली त्यांचीच लेक कमला, वय जेमतेम तेरा-चौदा. नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पोरीला घेऊन नाटक कंपनीबरोबर गावोगाव हिंडणाऱ्या या बाईला तेव्हाच्या शहाण्या समाजानं काय काय ऐकवलं असेल ते आत्याला विचारा, ती तोंडपाठ सांगेल. पुढे कमलाबाईंचा मुलगा चंद्रकांत गोखले, नातू विक्रम गोखले. आणि तो चित्रपट? नाही. दाखवायला रीळच उरलं नाही.

तेराशेच्या आसपास मूकपट या देशात निघाले, उरले मूठभर. कुणी फिल्मच्या थरातली चांदी काढायला ती भंगारात विकली. पुण्यात सरकारच्या स्वतःच्या चित्रपट संग्रहालयात 2003 साली नायट्रेट फिल्मला, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या फिल्मला, आग लागली. ज्या सरकारला आपला ठेवा जपता येत नाही, ते माझ्या आत्याकडे 1970 सालचा फोटो मागतं. वा!

आमच्या वैजापूरला लागून येवला. तिथली अंबू सगुण लहानपणी मूकपटात आली आणि ललिता पवार झाली. 1942 मध्ये चित्रीकरणात बसलेल्या थपडेनं चेहरा लुळा पडला, डोळा अधू झाला, नायिकापण संपलं. त्याच डोळ्याच्या जोरावर तिनं सासवा गाजवल्या. 1998 मध्ये पुण्यातल्या घरात ती एकटीच गेली आणि जगाला दोन दिवसांनी कळलं. इतक्या नावाजलेल्या बाईची ही गत, मग सेलू-जिंतूरकडच्या म्हातारीला कोण विचारतो?

मराठवाड्याच्या वाट्याला घोषणाच येतात म्हणा. 2023 च्या सप्टेंबरात अख्खं मंत्रिमंडळ संभाजीनगरला आलं, हजारो कोटींचे आकडे फेकले, गाड्या धुरळा उडवत परत गेल्या. आमच्याकडे पाण्याचा टँकरही फोटो काढल्याशिवाय सुटत नाही. अनुशेष, अनुशेष म्हणत माझे केस पिकले. नाट्यगृहाला कुलूप, कलावंताला त्रुटीपत्र आणि तुमच्या महोत्सवांना मात्र मुंबईहून नाचणाऱ्या पोरी. त्यांचा पुरावा कोण तपासतो?

मागणं एवढंच आहे. ज्या गावांनी आत्याला रंगमंचावर पाहिलं त्या गावांतल्या म्हाताऱ्यांचा पंचनामा पुरावा म्हणून धरा. ग्रामसभेचा ठराव चालत असेल तर तसा लेखी आदेश काढा. महिना पाच हजारांनी तिजोरी रिकामी होणार नाही, तुमच्या एका स्वागत कमानीला त्याहून जास्त लागतात.

आणि तरीही खात्री पटत नसेल तर एखादा अधिकारी घरी पाठवा. आत्याला सासूचे संवाद अजून पाठ आहेत. फक्त त्याला सांगा, ती समोरच्याला सून समजूनच बोलते.

आपली,
त्या अपात्र कलावंताची भाची