विझलेल्या कालरजाचे पुढे काय झाले?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या बालपुरवणीतील क्रमशः कथेचा शेवटचा भाग नुकताच वाचला. ‘कालरज’ नावाच्या निळसर चमकणाऱ्या भुकटीची चिमूट तळहातावर घेतली की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे, मागे जाता येते आणि त्या बदल्यात भुकटी हाताळणाऱ्याचा हात अकाली म्हातारा होतो, ही कल्पना मला मनापासून आवडली. काळाशी खेळणारी वस्तू फुकट मिळत नाही, हे लेखकाने पहिल्याच भागात मुलांना बजावून सांगितले होते. म्हणूनच शेवट वाचून वाईट वाटले. कथेतला मुलगा माहीमच्या पुलावरून डबी खाडीत रिकामी करतो, पाण्याला टेकताच भुकटीची चमक विझते आणि आजोबा म्हणतात, ‘संपला धोका!’ चमक गेली म्हणजे धोका गेला, हा समज अत्यंत घातक असून मुलांच्या मनात तो रुजू नये, एवढ्यासाठीच हे पत्र लिहीत आहे.

काळ दाखवणारी आणि अंधारात चमकणारी घातक भुकटी माणसाने प्रत्यक्षात वापरलेली आहे. १८९८ साली क्युरी दांपत्याने रेडियमचा शोध लावला आणि पुढे काही वर्षांतच रेडियमचे क्षार झिंक सल्फाइडमध्ये मिसळून घड्याळांच्या तबकड्या रंगवल्या जाऊ लागल्या. अमेरिकेतील न्यू जर्सीच्या कारखान्यात हे काम तरुण मुली करत आणि कुंचल्याला बारीक टोक यावे म्हणून तो ओठांत धरायला त्यांना शिकवले जाई. कॅल्शियमसारखेच वागणारे रेडियम त्यांच्या हाडांत जाऊन बसले, कित्येकींचे जबडे झिजले, कित्येकी दगावल्या. त्यांच्यापैकी पाच जणींनी दिलेला न्यायालयीन लढा १९२८ मध्ये तडजोडीने मिटला.

कथेच्या शेवटाशी ज्याचा थेट संबंध आहे, तो भाग याहूनही महत्त्वाचा. तबकडीवर जे चमकते ते मुख्यतः झिंक सल्फाइड. रेडियममधून निघणारे कण त्यावर सतत आदळत राहतात म्हणून ते उजळते, आणि त्याच माऱ्याने काही वर्षांत ते निकामी होते. चमक जाते, रेडियम मात्र तिथेच राहते. त्याचे प्रमाण निम्म्यावर यायला सुमारे १,६०० वर्षे लागतात, त्यामुळे शंभर वर्षांपूर्वीच्या काळवंडलेल्या तबकडीवर आजही ते जवळजवळ सगळे शिल्लक असते. माझे वडील गिरगावात घड्याळे दुरुस्त करत. जुन्या गजराच्या घड्याळांच्या काट्यांवरचा तपकिरी पडलेला लेप ते ब्लेडने खरवडत आणि टेबलावर सांडलेली पूड फुंकर मारून उडवत. ‘ह्यातलं रेडियम गेलंय,’ असे ते गिऱ्हाइकाला सांगत. गेलेली होती ती फक्त चमक, आणि हे त्यांना सांगणारे कोणीही नव्हते. (आजच्या घड्याळांत रेडियम वापरत नाहीत, तेव्हा पालकांनी मुलांच्या मनगटावरची घड्याळे काढून घेऊ नयेत.)

दुसरे उदाहरण १९८७ सालचे, ब्राझीलमधील गोयानिया शहराचे. बंद पडलेल्या एका उपचार केंद्रातून किरणोपचाराच्या यंत्राचा भाग दोघांनी काढून नेला आणि तो भंगारवाल्याकडे गेला. आतली सीझियम या किरणोत्सर्गी द्रव्याची भुकटी रात्री निळी चमकते हे पाहून भंगारवाल्याने नातेवाइकांना, मित्रांना ती कौतुकाने दाखवली, तिचे कण वाटले. सहा वर्षांच्या एका मुलीने भुकटी लागलेल्या हातांनी खाल्ले. ती मुलगी, भंगारवाल्याची पत्नी आणि त्याच्याकडचे दोन कामगार असे चौघे मरण पावले. घरे पाडावी लागली, अंगणांतली माती खरवडून न्यावी लागली. आधी शंका आली ती भंगारवाल्याच्या पत्नीलाच, आणि तिनेच उरलेला ऐवज पिशवीतून, बसने, आरोग्य कार्यालयात पोहोचवला. अशा बाईला आपल्या कथेत जागा मिळायला हवी होती, असे मला राहून राहून वाटते.

आपल्या पुराणकारांनी तर हा प्रश्न कधीच ओळखला होता. ज्या मंथनातून जरामरण थोपवणारे अमृत निघाले, त्यातूनच आधी हलाहल निघाले. ते कुठे फेकून द्यावे, अशी जागाच त्रैलोक्यात नव्हती, म्हणून शंकराने ते प्राशन करून कंठात धरले. भागवताच्या आठव्या स्कंधात याच्याही पुढचा तपशील आहे: शंकराच्या हातातून जे थोडे सांडले, ते विंचू, साप आणि विषारी वनस्पतींनी घेतले. सांडलेल्या थेंबांचाही हिशेब कथाकाराने ठेवला, तोही प्रत्यक्ष महादेवाच्या हातून सांडलेल्या!

कालरजाचा हिशेब कोण ठेवणार? माहीमची खाडी म्हणजे रिकामी जागा नाही. तिथे कोळीवाडा आहे, होड्या आहेत, भरतीबरोबर आत येणारे मासे आहेत, गाळ उपसणारी माणसे आहेत आणि त्या गाळातून प्लॅस्टिक-पत्रा वेचून पोट भरणारीही आहेत. लेखकाच्याच नियमानुसार पाहिले, तर जाळे झटकणाऱ्या कोळणीची बोटे महिन्याभरात सुरकुततील; वेचलेला डबा धारावीतल्या गोदामात पोहोचला, की तिथले कोवळे हात पिकतील. कालरजाचा एक कणही त्यांनी स्वतःच्या सुखासाठी वापरलेला नसेल. नायकाच्या घरातला धोका दुसऱ्याच्या दारात नेऊन टाकणे याला शेवट म्हणता येणार नाही, मग भले कथा जादूची का असेना.

लेखकाची ताकद मोठी आहे, म्हणूनच अपेक्षाही मोठी आहे. त्यांनी आणखी एक भाग लिहावा आणि आपण तो छापावा, ही आग्रहाची विनंती. त्यात मुलाने खाडीवर परत जावे, कोळीवाड्यातल्या माणसांना खरे काय ते सांगावे आणि भुकटी गोळा करायला त्यांच्याबरोबर चिखलात उतरावे. गोळा झालेली डबी कुठे, कोणाच्या राखणीत आणि किती पिढ्या ठेवायची, हे ठरवताना आजोबा, कोळीण आणि तो मुलगा यांच्यात वाद झाला तरी चालेल; दहा-बारा वर्षांच्या वाचकांना तो वाद नक्की समजेल.

आपला नियमित वाचक,
दादर, मुंबई