कुंबळंगी म्हणजे सीनरी नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला मल्याळम सिनेमावरचा लेख वाचला. लेखकाने मेहनत घेतली आहे, हे मान्य. पण केरळला निसर्गानेच आयता सेट उभारून दिलाय, असं जे त्यांनी लिहिलंय, ते वाचून रात्री झोप लागली नाही.

नोकरीनिमित्त मी सात वर्षं एर्नाकुळमला काढली. कुंबळंगी हे गाव तिथून जवळच. २०१९ साली पुण्यात 'कुंबळंगी नाइट्स' लागला, तेव्हा सौ.ला हौसेने घेऊन गेलो. सबटायटल्सची ओळ पडद्याखाली अर्धी कापली जात होती. माझं मल्याळम बाजारहाटापुरतं, तिला तर एक अक्षर येत नाही. मध्यंतरात मॅनेजरला सांगितलं, तर म्हणाला, "काका, सीनरी तर दिसतेय ना!" पैसे गेल्याचं दुःख नाही. सिनेमातल्या भावांचं घर ज्या जागी आहे, तिथे लोक नकोशी कुत्री-मांजरं आणून सोडतात. धाकट्याला मित्रांना घरी आणायची लाज वाटते ती म्हणून. हे तिला कळलंच नाही. तिला नुसतं पाणी दिसलं.

तुमच्या लेखातही नुसतं पाणी आणि डोंगरच आहेत. 'महेशिंटे प्रतिकारम' या सिनेमातली डोंगराळ इडुक्की म्हणे नयनरम्य! अहो, चारचौघांत मार खाल्लेला महेश सूड घेईपर्यंत चप्पल घालायची नाही असं ठरवतो. त्या चढ-उतारांवर अनवाणी चालताना पायाखालचा प्रत्येक खडा त्याला तो मार विसरू देणार आहे का? आणि 'ई.मा.यौ.' या सिनेमात बापाची मयत थाटात काढायचा शब्द दिलेल्या मुलाची चेल्लानम या किनाऱ्यावरच्या गावाच्या वाऱ्यापावसात जी दैना होते, ती बघताना मला आमच्या वाडीतली आषाढातली मयत आठवली. सरण पेटेना म्हणून तिन्हीसांजेपर्यंत ताडपत्री धरून उभे होतो आम्ही. तिथल्या लोकांचा धर्म वेगळा, भाषा वेगळी, पण पाऊस तोच. त्याला सेट म्हणवत नाही हो.

आणखी एक. 'कोझिकोड', 'अलेप्पी', 'कुंबलंगी' असं का छापता? इंग्रजी स्पेलिंगमधला झेड-एच बघून 'झ' लिहायचा, आणि आपला 'ळ' हाताशी असून वापरायचा नाही? 'मल्याळम' तर बरोबर लिहिता. कोळिक्कोड, आलप्पुळा, कुंबळंगी असं छापावं, ही कळकळीची विनंती.

आपला,
एक जुना वाचक, रत्नागिरी