तोफेला सलाम का करायचा?

चि. सानिका,
अनेक आशीर्वाद.

पायदळाच्या पलटणींना ध्वज असतो, मग आपल्या तोफखान्याला का नाही, असं तू परवा फोनवर विचारलंस. आपल्याकडे तोफ हाच ध्वज. म्हणून तोफेला टेकून उभं राहायचं नाही, तिच्यावर ओला टॉवेल वाळत घालायचा नाही. आणि ती शत्रूच्या हाती द्यायची नाही. सोडावीच लागली तर ब्रीच ब्लॉक (नळीचं मागचं तोंड बंद करणारा ठोकळा) आणि साइट (नेम धरायचं यंत्र) काढून न्यायची, म्हणजे मागे उरतं ते नुसतं लोखंड.

पलटणीच्या ध्वजावर जिंकलेल्या लढायांची नावं असतात. तोफखाना जवळजवळ प्रत्येक लढाईत असतो, त्याची नावं लिहायची कुठे? इंग्रजांनी स्वतःच्या तोफखान्याला त्याऐवजी एकच लॅटिन शब्द दिला, ‘युबिक’, म्हणजे सर्वत्र. आपल्या ‘सर्वत्र इज्जत-ओ-इकबाल’ या ब्रीदवाक्यातलं ‘सर्वत्र’ हे तेच.

आपली सुरुवात मुंबईची आहे, हे देवळालीच्या तोफखाना शाळेत तुला पहिल्याच आठवड्यात ऐकवतील. २८ सप्टेंबर १८२७ रोजी बॉम्बे फूट आर्टिलरीच्या गोलंदाज (म्हणजे तोफची) बटालियनची आठवी कंपनी उभी राहिली. तीच पुढे ५ (बॉम्बे) माउंटन बॅटरी, म्हणजे पहाडी तोफांची तुकडी, झाली, आणि म्हणून २८ सप्टेंबर हा गनर्स डे. (क्रिकेटमधला गोलंदाज या गोलंदाजाचा धाकटा भाऊ, चेंडू टाकतो एवढंच.)

१८५७ नंतर इंग्रजांनी ठरवलं की हिंदी शिपायाच्या हातात बंदूक ठीक, तोफ नको. अपवाद राहिला तो मुख्यतः काही पहाडी बॅटऱ्यांचा. वायव्य सरहद्दीच्या डोंगरांत त्यांच्यावाचून चालत नव्हतं आणि त्यांच्या तोफा हलक्या होत्या. मैदानी तोफा हिंदी जवानांकडे परत आल्या त्या १५ जानेवारी १९३५ला, बंगळूरला ‘ए’ फील्ड ब्रिगेड उभी राहिली तेव्हा. मधल्या पाऊणशे वर्षांत परंपरा जिवंत ठेवली ती खेचरांनी, असं मी म्हणतो. कुणी हसलं तर हसू दे.

पहाडी बॅटऱ्यांची ३.७ इंची हॉवित्झर (उंच कोनात मारा करणारी आखूड तोफ) आठ खेचरांवर सुटी होऊन जायची. जोडायचा क्रम एकानेही चुकवला की सगळे थांबायचे. अशाच एका तोफेवर, ब्रह्मदेशातल्या अराकानच्या कलादान खोऱ्यात, १५-१६ डिसेंबर १९४४च्या रात्री हवालदार उमराव सिंग लढले. गोळ्या संपल्यावर त्यांनी तोफ वाहायचा लोखंडी दांडा हातात घेतला. काही तासांनी ते तोफेशेजारी बेशुद्ध सापडले, अंगावर सात गंभीर जखमा, भोवती दहा जपानी मृतदेह. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. मला त्यातलं सर्वांत मोलाचं वाटतं ते हे, की त्याच दिवशी ती तोफ पुन्हा मारा करू लागली.

आता ड्रिलचं. तुम्हाला पाठ करायला लावतील, कारण मात्र सगळेच सांगत नाहीत. २५ पाउंडर ही जुनी मैदानी तोफ घे. आधी गोळा आत जातो, मग दारूचं काडतूस. गोळा रॅमरने (ठासायच्या दांड्याने) असा ठासायचा, की त्याचा तांब्याचा पट्टा नळीच्या आतल्या पिळदार खाचांत रुतला पाहिजे. ठासणी ढिली राहिली तर नळी वर उचलताच गोळा मागे सरकतो, वायू निसटतो आणि गोळा आखूड पडतो. आखूड म्हणजे बहुतेक वेळा आपल्याच पायदळावर. काडतुसात लाल, पांढरी, निळी अशा पिशव्या असत. चार्ज, म्हणजे दारूचं प्रमाण, कमी करायचा तर ठरलेली पिशवी काढायची. काढलेली बाजूला दिसली पाहिजे, म्हणजे नंबर एकला, तोफेच्या प्रमुखाला, मोजता येते. १५५ मिलिमीटरच्या तोफेवरही ठासणीचा नियम हाच.

दारू गरम असेल तर गोळा लांब जातो, थंड असेल तर आखूड. नळी झिजली की वेग घटतो, म्हणून वेग मोजत राहायचा. कोनात एका मिलची (तोफखान्याचं कोन मोजायचं बारीक माप) चूक म्हणजे दहा किलोमीटरवर सुमारे दहा मीटर. साइटच्या पातळीदर्शक नळीतला बुडबुडा मध्यावर आहे का, हे दुसऱ्या माणसाने पाहायचं, पहिल्याने नाही. पहिल्याला तो मध्यावरच दिसतो.

१९९९मध्ये कारगिलच्या युद्धात द्रासला हे सगळं एकदम अंगावर आलं. विरळ हवेत गोळा नेहमीपेक्षा लांब जातो, आणि समोरच्या डोंगराची धार मध्ये येते ती वेगळीच. हवामानाच्या नोंदी घेऊन आकडे दुरुस्त करत बोफोर्स चालल्या. काही तर थेट शिखरांवर रोखल्या होत्या. त्या लढाईत आपल्या तोफखान्याने सुमारे अडीच लाख गोळे, रॉकेट आणि मॉर्टर बॉम्ब डागले. तोलोलिंगजवळच्या पॉइंट ५१४०ला २०२२मध्ये ‘गन हिल’ हे नाव मिळालं.

२६ जानेवारीच्या एकवीस तोफांच्या सलामीतून २५ पाउंडर २०२३पासून गेली, तिथे १०५ मिलिमीटरची भारतीय तोफ आली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये तोफखान्यात पहिल्या पाच महिला अधिकारी आल्या. तू अगदी नवखी वाट चालत नाहीयेस. पण फार मळलेलीही नाही.

गन पोझिशनवर पहिले काही दिवस नंबर एकच्या मागे उभी राहा आणि काय काय दोनदा तपासलं जातं ते वहीत लिही. तो हवालदार असेल आणि तू लेफ्टनंट, तरी शिकायचं त्याच्याकडून.

गाडीतून नाशिक रोडला उतर. देवळाली स्टेशनवर सगळ्या गाड्या थांबत नाहीत.

तुझा,
बाबा