नाना, तळहातावरचा तो नंबर

तीर्थस्वरूप नाना यांस,
सा. न.

परवा तुमच्या सेंड-ऑफला माइक माझ्या हातात आला, तेव्हा 'नानांनी आम्हाला सांभाळून घेतलं' एवढंच कसंबसं बोललो आणि समोशाची डिश घेऊन बाजूला सरकलो. तुम्ही खुर्चीतून बघून मिशीत हसलात. चारचौघांत काही बोलायचं नाही, ही तुमचीच ताकीद. आता तुमची नोकरी संपली, तेव्हा ताकीदही संपली असं मी धरतो. कारखान्याचं, गावाचं आणि माझं नाव लिहीत नाही. ज्याला कळायचं त्याला कळेल.

बाकीच्यांसाठी थोडं सांगतो. नाना आमच्या टूल रूमचे. खिडकीतून पितळी टोकन आत सरकवायचं, मायक्रोमीटर बाहेर यायचा, टोकन आपल्या नंबरच्या खिळ्यावर लटकायचं. मी टर्नर, लेथवर काम करणारा. काम संरक्षण खात्याचं, त्यामुळे मोबाईल गेटवरच्या कप्प्यात ठेवूनच आत जायचं.

तिचा पहिला मेसेज आला तेव्हा सेकंड शिफ्ट संपवून नुकताच घरी पोचलो होतो. बायको मुलांना घेऊन माहेरी गेलेली, गॅसवर खिचडी. फेसबुकवर तिचं माहेरचं नाव आणि आयटीआयच्या गॅदरिंगमधला फोटो, निळा पंजाबी ड्रेस, हातात फुटका माइक. एकोणीस वर्षांनी. 'ओळखलंस का?' आणि लगेच, 'जेवलास का?'

लोक म्हणतात पैशाला भुलला, बाईला भुलला. म्हणू देत. पण रात्री साडेअकराला तुम्हाला 'जेवलास का' विचारणारं कोणी आहे की नाही, एवढं बघून मग माझ्यावर हसावं. मी उभ्याउभ्या खिचडी खाल्ली आणि पहाटे दोनपर्यंत बोलत बसलो. तिला सगळं ठाऊक होतं: कुठली बॅच, कुठलं गाणं म्हटलं होतं, कोणते सर रागीट होते. हे सगळं आमच्या जुन्या बॅचच्या ग्रुपवर कोणीही वाचू शकत होतं, हे माझ्या डोक्यात आलंच नाही.

मग मागण्या सुरू झाल्या. मागण्या तरी कसल्या? 'युनिफॉर्ममध्ये कसा दिसतोस बघू दे.' पाठवला फोटो, गळ्यात ओळखपत्रासकट. 'सुट्ट्या कधी असतात?' गेटबाहेरच्या बोर्डाचा फोटो. 'बस किती वाजता सुटते?' तेही सांगितलं. वाढदिवसाला तीन हजार रुपये आले, 'मुलांना कपडे घे' म्हणून. एक ॲप टाकायला लावलं, त्यात म्हणे आपले जुने फोटो आहेत. फोटो नव्हतेच, उलट माझ्या फोनमधलं सगळं त्यातून उपसलं जात होतं. आणि शेवटी, 'सध्या कुठला जॉब करतोस? नुसता नंबर सांग, माझा भाऊ त्याच लाइनमध्ये आहे.'

फोन आत नेता येत नाही, म्हणून मी त्या जॉबचा, म्हणजे मशीनवर चाललेल्या भागाचा, नंबर त्याच्यासोबत फिरणाऱ्या रूट कार्डावरून बघून बॉलपेनने डाव्या तळहातावर लिहिला.

नाना, त्या दिवशी टोकन मी डाव्या हाताने का पुढे केलं, हे मला आजही कळत नाही. तुम्ही टोकन घेतलंच नाही. मनगट धरलंत, हात उताणा केलात आणि चष्मा कपाळावरून खाली घेतलात. 'आरं, हे काय गोंदून घेतलंस?' मी काहीतरी पुटपुटलो. कॉटन वेस्टचा बोळा रॉकेलमध्ये बुडवून तुम्ही हात घासलात, लहान पोराचा घासावा तसा. कातडी लाल होईपर्यंत. म्हणालात, 'सुट्टी झाल्यावर गेटवर थांब.'

गेटसमोरच्या टपरीवर दोन कटिंग झाल्यावर मी सगळं ओकलो. तुम्ही शिवी दिली नाहीत. फक्त म्हणालात, 'कशी बोलते ती, वाचून दाखव.' मी वाचलं. 'कृपया फोटो पाठव.' तुम्ही कपातला चहा सांडेपर्यंत हसलात. 'तुमच्या खानदेशातली पोरगी जुन्या दोस्ताला कृपया म्हणती व्हय रं?' तेव्हा कुठे आठवलं. ती 'काय करी ऱ्हायना' म्हणायची आणि मला माझ्या नावाने कधीच हाक मारायची नाही, 'लांब्या' म्हणायची. एवढ्या रात्रींत तो शब्द एकदाही आला नव्हता, आणि मला ते खटकलंही नव्हतं.

मग तुमचं वाचनालय सुरू झालं. 2019 च्या डिसेंबरात नौदलाने जहाजांवर आणि तळांवर स्मार्टफोन आणि फेसबुक का बंद केलं. 2023 च्या मे महिन्यात पुण्यात डीआरडीओच्या शास्त्रज्ञाला एटीएसने कशी अटक केली. मार्कुस वोल्फ म्हणून पूर्व जर्मनीचा हेरप्रमुख होता, त्याने पश्चिम जर्मनीच्या राजधानीत, बॉनला, सरकारी कचेऱ्यांतल्या सेक्रेटरी बायकांच्या प्रेमात पडायला देखणे गडी कसे पाठवले. 'मोठ्या साहेबाच्या मागं कशाला लागायचं? साहेबाचं टायपिंग करणारी एकटी असती. तू बी एकटाच की.' टपरीवाला कान देऊन ऐकत होता, तुम्ही त्यालाही एक बिस्किटचा पुडा दिलात.

मी म्हटलं, अकाउंट ब्लॉक करतो, चॅट उडवतो, विषय संपला. तुम्ही गंभीर झालात. 'काही उडवायचं न्हाई. उद्या सकाळी सिक्युरिटीत जायचं. तू सांगायचं, मी बाजूला बसतो.' शासकीय गुपिते अधिनियम 1923 चा, संरक्षणाच्या कामात त्याखाली चौदा वर्षांपर्यंत शिक्षा आहे, हेही तुम्हीच सांगितलंत. रात्रभर डोळा लागला नाही.

त्या ऑफिसबाहेरच्या लाकडी बाकावर आपण साडेतीन तास बसलो. तुमच्या निवृत्तीला चौदा महिने उरले होते. माझ्या जबाबाखाली साक्षीदार म्हणून सही केली तर पेन्शनचे कागद अडकतील, असं कोणीतरी तुमच्या कानात सांगितलं. मी ऐकलं, नाना. तुम्ही पेन मागून घेतलंत.

पुढचं थोडक्यात. फोन जमा झाला, पोलिसांच्या चौकशा झाल्या, चार महिने निलंबन, अर्ध्या पगाराचा निर्वाह भत्ता, दोन वेतनवाढी गेल्या. मी स्वतःहून आलो आणि चॅट शाबूत होतं, म्हणून निभावलं. नंबर बाहेर गेला नव्हता. फोटो गेले होते, त्यांचं ओझं माझ्याकडे आहे.

घरी सांगायचं काम तुम्ही साफ नाकारलंत. 'सूनबाईला तूच सांग.' सांगितलं. ती एकोणीस दिवस बोलली नाही, वर्षाला एक दिवस या हिशोबाने असावं. विसाव्या दिवशी काकू डबा घेऊन आल्या, दार लावून दोघी तासभर बोलल्या. काय बोलल्या ते मला अजून कोणी सांगितलेलं नाही.

आणि खरी ती. सुरतेला असते, दोन मुली आहेत, फेसबुकवर कधी नव्हतीच. तिच्या भावाला फोन करायला तुम्हीच लावलंत. 'तुझी फजिती झाली, पर तिचा फोटो चोरीला गेलाय, तिला कळाय पायजे.' मला हे सुचलंच नसतं. मी माझ्याच लाजेत बुडालो होतो. दुसऱ्या दिवशी तिच्या भावाचा निरोप आला: 'ताई म्हणते, लांब्याला सांग, अजून तसाच बावळट आहे.'

नाना, टूल रूमच्या खिडकीत आता नवीन पोरगा बसतो. टोकन घेताना वर बघत नाही, मोजमापाचं सामान मात्र नीट देतो. माझ्या नंबरचा खिळा जरा वाकडा होता, तो जाताजाता तुम्ही सरळ करून गेलात, हे काल दिसलं.

गावाकडून बामणोदची वांगी आलीत. भरीत आणि कळण्याची भाकरी घेऊन आम्ही दोघं रविवारी येतोय. हे बायकोनेच ठरवलंय. काकूंना म्हणावं, संध्याकाळचा स्वयंपाक करू नका.

आपला,
लांब्या