दाद मागण्याची किंमत

कर्जदार वसुली लांबवण्यासाठीच न्यायालयाची पायरी चढतात, हा आपल्या अग्रलेखातील सूर पटला नाही. बँकांना न्यायालयात न जाता तारण मालमत्ता ताब्यात घेऊ देणाऱ्या ‘सरफेसी’ कायद्याखालील कारवाईविरुद्ध कर्जवसुली न्यायाधिकरणात जायला ४५ दिवस मिळतात. तेथे हरल्यास अपिलासाठी थकबाकीची निम्मी रक्कम आधी भरावी लागते. सवलत मिळाली तरी २५ टक्के चुकत नाहीत. राहते घर जाण्याच्या बेतात असलेल्या कुटुंबाने ही रक्कम आणायची कुठून? २००४ मध्ये मर्डिया केमिकल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पहिल्याच टप्प्यावरची, म्हणजे न्यायाधिकरणात दाद मागतानाच ७५ टक्के रक्कम भरण्याची अट रद्द केली होती, हे विसरू नये. एकरकमी तडजोड, म्हणजे ठरलेली कमी रक्कम भरून कर्ज मिटवणे, हा कर्जदाराचा हक्क नाही, असे याच न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले. ते मान्य, पण प्रस्ताव फेटाळताना बँकेने लेखी कारण द्यावे, एवढे तरी रिझर्व्ह बँकेने बंधनकारक करावे.

– एक वाचक, सांगली